‘किंगफिशर’ पाहिला? हो, पण कोणता?

साकोलीत राहून खंड्या पाहिला नाही, असं होऊच शकत नाही. भंडारा म्हणजे तलावांचा जिल्हा. मामा तलाव (माजी मालगुजारी तलाव), बोड्या, चुलबंद नदी, धानाच्या बांध्या... पाणी दिसलं की जवळच्या तारेवर एखादा खंड्या बसलेला असतोच. पण वहीत नुसतं ‘किंगफिशर’ लिहिलंत, तर ती नोंद अर्धीच राहते. कारण या एका नावाखाली आपल्याकडे किमान चार वेगळे पक्षी आहेत.

गोंधळ नावांपासूनच सुरू होतो. मराठीत कुणी खंड्या म्हणतं, कुणी धीवर. इंग्रजीतही तेच. सलीम अलींच्या पुस्तकाच्या जुन्या आवृत्तीतला ‘स्मॉल ब्लू’ आज ‘कॉमन किंगफिशर’ आहे, तर ‘व्हाइट-ब्रेस्टेड’ झालाय ‘व्हाइट-थ्रोटेड’. आणि गंमत म्हणजे, आपल्याला रोज दिसणारा बहुतेक वेळा ‘कॉमन’ नसतोच!

मग ओळखायचं कसं?

पांढऱ्या गळ्याचा खंड्या : तारेवर दिसणारा तो हाच. चॉकलेटी डोकं, पांढरा गळा-छाती, लाल चोच, निळी पाठ. त्याला पाणी लागतंच असं नाही. नाकतोडे, सरडे, बेडूक काहीही चालतं. म्हणून तो शेतात, अगदी कॉलेजच्या मैदानावरही दिसतो.

छोटा खंड्या (कॉमन) : जेमतेम चिमणीएवढा. पोट नारिंगी, पाठ चमकदार निळी. पाण्यावरून बाणासारखा सरळ जातो. चोचीचा खालचा भाग नारिंगी असेल तर ती मादी.

कवड्या : निळा रंग नाहीच, फक्त काळा-पांढरा. पाण्यावर एका जागी फडफडत थांबतो आणि सूर मारतो. नराच्या छातीवर दोन काळे पट्टे, मादीच्या एकच, तोही मधे तुटलेला.

घोंगी खंड्या : चौघांत सगळ्यात मोठा, 35 सेंटीमीटरच्या पुढे. जाडजूड लाल चोच, तपकिरी डोकं, पिवळसर पोट. दाट झाडीच्या काठावर लपून बसतो. याचं शास्त्रीय नाव ‘कापेन्सिस’, म्हणजे आफ्रिकेतल्या ‘केप’चा. प्रत्यक्षात हा आफ्रिकेत सापडतच नाही! 1766 साली लिनियसने नाव दिलं, तेव्हा झालेली चूक आजही तशीच आहे.

नकाशा आधी बघा

नावं सारखी असली तरी पत्ते वेगळे असतात. ‘पाइड’ म्हणजे आपला कवड्या. त्याच्यासारखाच, पण मोठा आणि तुरेवाला ‘क्रेस्टेड’ हिमालयातला. छोट्या खंड्यासारखाच दिसणारा ‘ब्लू-इअर्ड’ महाराष्ट्रात शोधायचा तर सह्याद्रीकडे. त्याच्या कानाजवळ निळा रंग असतो, छोट्या खंड्याच्या नारिंगी. तिबोटी खंड्या पावसाळ्यात कोकणात घरटं करतो, तर ‘कॉलर्ड’ खारफुटीत राहतो. साकोलीच्या यादीत यांपैकी कुणाचं नाव लिहिण्याआधी फोटो दोनदा बघा. ई-बर्डसारखं ॲपही अशा अनपेक्षित नोंदीवर लगेच पुरावा मागतं.

एवढा काथ्याकूट कशाला?

कारण प्रत्येकाची गरज वेगळी आहे. कवड्याला उघडं पाणी लागतं, घोंगीला पाळीवरची जुनी झाडं. खंड्या घरटं बांधत नाहीत, मातीच्या उभ्या काठात बीळ खणतात. सुशोभीकरणाच्या नावाखाली काठाला सिमेंटचं अस्तर केलं, झाडं तोडली, तर आधी कोण जाणार? तारेवरचा पांढऱ्या गळ्याचा खंड्या शेतात निभावून नेईल. घोंगी आणि छोटा मात्र गुपचूप निघून जातील. आणि आपल्या वहीत सगळेच ‘किंगफिशर’ असतील, तर कुणी गेलं हे कळणारही नाही.

नवेगावचा बांध अठराव्या शतकात कोलू पाटील कोहळी यांनी बांधल्याचं सांगितलं जातं. अशा कितीतरी तलावांचा वारसा आपल्याला आयता मिळालाय. तेव्हा येत्या रविवारी घराजवळचा एकच तलाव निवडा. सकाळी अर्धा तास पाळीवर बसा. पक्ष्याचं पूर्ण नाव, जागा, तारीख आणि तो काय करत होता, एवढंच लिहा. दर महिन्याला तोच तलाव, तीच वही. वर्षभराने तुमच्याकडे त्या तलावाची अशी नोंद असेल, जी कदाचित दुसऱ्या कुणाकडेच नसेल.