गर्दीतला मावा, एकटा मावा

आमच्या नांदगावात पिकावर कीड दिसली की पहिला प्रश्न ठरलेला: ‘काय मारू?’ कीड कोणती, किती आहे, कधीपासून आहे, हे सगळं मागाहून. मी शाळेत विज्ञान शिकवायची. निवृत्त झाले तरी माझ्याकडे एक चांगलं भिंग आहे, आणि ते आहे हे वाडीत सगळ्यांना माहीत आहे. भातकापणी उरकून कुणग्यांत चवळी-वाल उभे राहिले, पहाटेचं दव पडायला लागलं, की आमच्या पडवीत डहाळ्या यायला सुरुवात होते. कुणी पिशवीतून आणतं, कुणी तिठ्यावर बाजाराला जाता जाता नुसती हातात धरून. ‘बाई, चवळीक कायतरी काळा पडलाहा, बघा जरा.’ ते ओळखायला भिंगही लागत नाही. मावा.

माव्याबद्दल माझं एक मत झालेलं आहे, ते आधीच सांगून टाकते. मावा गर्दी करून बसतो तिथे लोक घाबरतात, आणि एखाददुसरा टेकून उडून जातो तिकडे कुणी ढुंकून बघत नाही. घाबरायचंच असेल तर ते उलट घाबरावं.

गर्दीपासून सुरुवात करू, कारण ती बघण्यासारखी असते. चवळीचा कोवळा शेंडा किंवा नुकती धरलेली शेंग भिंगाखाली घ्या. काळे कुळकुळीत चकाकणारे ते मोठे, मळकट राखाडी ती पिल्लं. मध्येमध्ये पांढरे कण दिसतात. पुष्कळांना ती बुरशी वाटते, पण ती पिल्लांनी टाकलेली कात असते. चार वेळा कात टाकली की पिल्लू मोठं झालं, आणि आपल्या उबदार हवेत त्याला आठवडाभर पुरतो. प्रत्येकाची सोंड शेंगेत रुतलेली, आणि पाठीमागे दोन बारीक नळ्या वर आलेल्या. कुणी हल्ला केला की या नळ्यांतून थेंब येतो, आणि त्याच्या वासाने शेजारचे सोंडा उपसून पळ काढतात. जरा दम धरलात तर बाळंतपणही बघायला मिळतं. पिल्लू शेपटीकडून बाहेर येतं, थोडा वेळ लोंबकळतं, मग पाय टेकून चालू लागतं आणि आईच्या शेजारीच सोंड खुपसतं.

यात नर कुठेच नाही. थंड देशांत हिवाळा जवळ आला की माव्यात नर होतात, मादी अंडी घालते आणि अंड्याच्या रूपात वंश बर्फातून पार पडतो. आपल्याकडे बर्फ पडत नाही, त्यामुळे बहुतेक जाती ती यातायात करतच नाहीत. वर्षभर माद्याच माद्यांना जन्म देतात, आणि जन्मणाऱ्या लेकीच्या पोटात तिची लेक आधीच घडायला लागलेली असते. १७४० साली जिनिव्हाच्या शार्ल बोने नावाच्या वीस वर्षांच्या पोराने नुकतंच जन्मलेलं माव्याचं पिल्लू काचेखाली एकटं कोंडलं आणि रोज दिवसभर भिंग लावून बसला. जून महिन्याच्या तीन आठवड्यांत त्या कुमारिकेला ९५ पिल्लं झाली. पुढे त्याचे डोळे बिघडले. वाडीतली पोरं भिंग मागायला येतात तेव्हा मी त्यांना बोनेची गोष्ट सांगते, पण डोळ्यांचा भाग गाळून.

चवळीवर चार दिवसांत मावा ‘पडला’ असं वाटतं ते यामुळे. मुळात पंख फुटलेल्या दोन-चार माद्या आलेल्या असतात, बाकी सगळं तिथेच झालेलं. पावसाळ्यात हे जमत नाही. आमच्याकडचा पाऊस त्यांना झोडपून खाली पाडतो. म्हणून माव्याचे दिवस सुरू होतात ते पाऊस गेल्यावर.

आता गोड पाण्याचं. झाडाच्या रसात साखर रग्गड, पण अंग वाढायला लागणारी नत्राची द्रव्यं थोडी. ती पुरेशी मिळावीत म्हणून मावा भरमसाट रस ओढतो आणि जास्तीचा गोड द्रव मागून सोडतो. पानं चिकट होतात, त्यावर काळी बुरशी धरते. युरियाचा हात सैल असलेल्याच्या वाफ्यात मावा जास्त का, याचं उत्तरही इथेच आहे. नत्र जास्त झालं की रस माव्याला जास्त मानवतो. हे सांगितलं की लोक हसतात, कारण पीक हिरवंगार दिसतंय म्हणून ते खुशीत असतात.

गोड आलं की मुंग्या आल्याच. मुंगी आपल्या मिशांनी माव्याच्या पाठीवर टकटक करते, तो थेंब सोडतो, ती तो पिते. बदल्यात ती पहारा देते. माव्याला खायला कुणी आलं की अंगावर धावून जाते. चवळीच्या बाबतीत एक गंमत आहे. मावा नसला तरी तिच्यावर मुंग्या असतात, कारण चवळीच्या शेंगांच्या देठाशी मधाच्या बारीक ग्रंथी असतात. तेव्हा मुंगी दिसली म्हणून लगेच मावा समजू नये. आणि झाडावर पानं शिवून घरटं करणारे आपले तांबडे हुमले तर आणखी अवघड प्रकरण. ते मावा, पिठ्या ढेकूण सांभाळतात हे खरं, पण तेच हुमले काजूच्या मोहोरावरच्या ढेकण्यालाही हुसकावतात. काजूवाल्याने त्यांना सरसकट जाळू नये असं मी म्हणते. अंगावर चढले की तोही राग गिळावा लागतो.

माव्याला खाणारे कोण? ठिपक्यांचे गोल लाल-पिवळे भुंगे, ज्यांना कृषी खात्याच्या पत्रकांत ढालकिडे म्हणतात, ते सगळ्यांच्या ओळखीचे. पण खरा खाणारा असतो तो त्यांचा पोर, आणि त्याला कुणी ओळखत नाही. काळपट, लांबट, सहा पायांची, अंगावर काटे आणि पिवळे डाग असलेली अळी; मगरीचं पिल्लू सुतळीएवढं बारीक केलं तर जसं दिसेल तशी. हिला बघून लोक माव्यापेक्षा जास्त दचकतात आणि आधी तिलाच चिरडतात. दुसरी एक बिनपायाची, चपटी, हिरवट अळी माव्याच्या गर्दीत आंधळेपणी मान फिरवत एकेकाला उचलून चोखून टाकते. ती फुलांवर स्थिर तरंगणाऱ्या पट्टेरी माशीची. आणि मधूनच एखादा मावा फुगून, सोनेरी-तपकिरी होऊन पानाला चिकटलेला दिसला तर त्याच्या आत एका चिमुकल्या गांधीलमाशीची अळी वाढते आहे असं समजावं. त्याच्या पाठीला गोल भोक दिसलं, तर ती बाहेर पडून कामाला लागली.

या मंडळींवर भरवसा ठेवा असं सांगितलं की ऐकणाऱ्याला ते पुस्तकी वाटतं. मग मी उसाची गोष्ट सांगते. २००२ च्या जुलैत सांगली जिल्ह्यात उसावर लोकरी मावा दिसला. पानांच्या खाली पांढऱ्या मेणकट लोकरीचे थर, आणि खालची पानं बुरशीने काळीठिक्कर. बघता बघता तो पश्चिम महाराष्ट्रभर पसरला, कर्नाटकात उतरला. डोक्याच्या वर गेलेल्या उसात शिरून फवारायचं कसं, हाच पहिला प्रश्न होता, आणि फवारलेल्या ठिकाणी तो पुन्हा येत होता. अखेर तो ओसरला त्यात मोठा वाटा होता डिफा नावाच्या एका पतंगाच्या अळीचा आणि मायक्रोमस या जाळीदार पंखांच्या किड्याचा. डिफाची अळी लोकरी माव्याच्या वस्तीत जाळं करून राहते आणि तिथल्या तिथे त्याला खाते. मांजरीच्या वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूटसारख्या संस्थांनी ती वाढवून वाटली. डिफा असलेली पानं एका फडातून कापून दुसऱ्या फडात नेऊन बांधायची, असा तो उद्योग होता. पुढे ईशान्येकडून आणलेली एन्कार्सिया ही बारीक परोपजीवी माशीही सोडली गेली. ज्याने आधीच जहाल औषध मारलं होतं, त्याच्या फडात डिफा टिकत नव्हती.

म्हणून चवळीवर मावा दिसला की मी आधी विचारते, अळ्या दिसतात का? दिसत असतील तर थांबा. नसतील आणि शेंडे आखडायला लागले असतील तर चिकटलेले शेंडे खुडून टाका, उरलेल्यावर पाण्याचा जोरदार फवारा मारा. एका लिटरला चमचाभर भांड्यांचा पातळ साबण घालून, आधी एका वेलावर बघून, मग बाकीच्यांवर. चुलीतली चाळलेली राख सकाळी दवाने ओल्या शेंड्यांवर टाकायची आमच्या सासूबाईंची पद्धत होती. ती चालते, पण शेंड्यांपुरतीच ठेवावी. निंबोळी अर्क करा असं सगळीकडे छापलेलं असतं. आमच्या अतिपावसाच्या जांभ्या मातीत कडुनिंब शोधावा लागतो, करंज मात्र व्हाळाच्या काठी पाहिजे तेवढा. करंजाच्या तेलाचं साबणाबरोबर केलेलं पाणी मला पुरलेलं आहे. फुलोऱ्यात मात्र आंतरप्रवाही औषध मारू नका, मधमाश्या त्याच फुलांवर असतात.

वाटेवरच्या रुईवर पिवळाधमक मावा दिसतो, काळ्या पायांचा. तो बघून घाबरून रुई तोडणारे आहेत. तो रुई-कण्हेरीच्या कुळावरचाच, चवळीकडे फिरकत नाही. उलट त्याच्यावर ढालकिडे पोसले जातात आणि मग ते आपल्या वाफ्यात येतात. मिरचीचं उलटं. तिचं पान मुरडलं की माव्याचं नाव पुढे येतं, पण पान वरच्या बाजूला वळलं असेल तर ते बहुधा फुलकिड्यांचं काम आणि खाली वळलं असेल तर कोळ्यांचं. कोळ्यावर माव्याचं औषध मारलं तर पैसे व्हाळात.

आता एकट्या माव्याकडे येते. पपईवर मावा वस्ती करत नाही. पंखवाला मावा उडत येतो, झाड आपलं आहे की नाही हे त्याला दिसून कळत नाही, म्हणून सोंड काही क्षण टोचून चव बघतो आणि नापसंत करून निघून जातो. आधीच्या रोगट पपईवरून आला असेल, तर सोंडेच्या टोकाला चिकटलेले विषाणू तेवढ्यात उतरलेले असतात. मुंबई प्रांतातल्या पपईच्या या रोगाबद्दल कपूर आणि वर्मा या शास्त्रज्ञांनी १९४८ सालीच लिहिलं होतं. पानावर पिवळे-हिरवे चट्टे, पुढे पान दोरीसारखं अरुंद, देठावर तेलकट रेघा, फळावर गोल वलयं. इथे औषध निरुपयोगी. मावा मरायला जेवढा वेळ लागतो त्याच्या कितीतरी आधी काम झालेलं असतं. पहिलं रोगट झाड उपटणं आणि पपईभोवती मक्याच्या दोन ओळी लावणं, म्हणजे मावा आधी मक्यावर टोचून सोंड पुसून घेईल, एवढंच हातात राहतं. परसात एकच पपई असलेल्याला ती उपटायला सांगताना मलाही जड जातं.

केळीचा मावा तपकिरी, पानांच्या देठांच्या बेचक्यात आणि बुंध्याच्या सालीआड लपलेला. सहज कुणाला दिसत नाही. त्याने आणलेला रोग म्हणजे पर्णगुच्छ, फिजी बेटांत १८८९ मध्ये पहिल्यांदा नोंदलेला, १९१३ च्या सुमारास मुनव्यांबरोबर ऑस्ट्रेलियात गेलेला. तिथल्या केळीबागा उजाड झाल्यावर मॅगी या शास्त्रज्ञाने १९२० च्या दशकात दाखवून दिलं की तो याच माव्यामुळे पसरतो. आपल्या देशात तो १९४० च्या सुमारास श्रीलंकेकडून केरळात आला. ओळखायचं असेल तर पानाचा देठ उजेडात धरून बघा. गडद हिरव्या बारीक तुटक रेघा दिसतात. मग नवी पानं आखूड, उभी, कडेला पिवळट, शेंड्याशी जुडगा करून राहतात आणि घड येत नाही.

मावा हा रोग जवळच्या जवळ नेतो. लांब नेतो तो माणूस. पाऊस सुरू झाला की आमच्याकडे मुनव्यांची देवाणघेवाण चालते, माहेरून, पाहुण्यांकडून, ‘चांगली जात हा, घेऊन जा’ म्हणून. मुनवा बाहेरून ठणठणीत दिसतो, रोग आत असतो. म्हणून मी मुनवा घ्यायच्या आधी आईझाडाचा देठ बघते. देणारीला ते आवडलं नाही तरी बघते. रोगट बेट काढायचं तर तडक कुदळ लावू नये. आधी शेंड्यात आणि सालींच्या बेचक्यांत थोडं रॉकेल किंवा माव्याचं औषध ओतायचं, मावा मेल्यावर सगळा कंद खणून त्याचे तुकडे करायचे. जिवंत मावा असलेलं झाड आडवं केलं की तो उठून पहिल्यांदा शेजारणीच्या केळीवर जातो. आणि खणल्यानंतर पुन्हा मुनवे फुटतात, त्यामुळे पुढच्या पावसातही त्या जागेवर नजर ठेवावी लागते.