ज्वारीची काकवी

ज्वारी म्हटली की आपल्याला भाकरी आठवते. फार तर हुरडा. पण अमेरिकेतल्या केंटकी, टेनेसीच्या डोंगराळ भागात पिढ्यान्‌पिढ्या घरात वर्षाची गोडी आली ती ज्वारीच्या ताटांतून! तिकडे या पदार्थाला 'मोलॅसिस' म्हणत असले, तरी ती साखर कारखान्यातली मळी नव्हे. रस आटवून केलेली काकवीच ती.

मूळची आफ्रिकेची ही गोड ज्वारी अमेरिकेत रुजली १८५० नंतरच्या दशकात. १८६१ ते १८६५ च्या यादवी युद्धात दक्षिणेतली उसाची साखर उत्तरेला मिळेनाशी झाली आणि हिची लागवड वाढली. डोंगरातल्या शेतकऱ्याला तर ती फारच सोयीची. साखरेला रोख पैसा लागे; काकवीला लागत ते हात.

आणि ते एका घराचे पुरत नसत. सप्टेंबर-ऑक्टोबरात, थंडीने पीक मारण्याआधी, उभ्या ताटांचा पाला काढायचा, कणसे छाटायची, ताटे तोडून चरकाकडे न्यायची. चरक घरोघरी कुठला? ज्याच्याकडे असे तो शेजाऱ्यांचीही ताटे गाळून देई आणि मोबदला म्हणून काकवीचाच वाटा घेई. लांब दांड्याला जुंपलेले खेचर गोल गोल फिरे. दांडा डोक्यावरून जाताना वाकून, एक जण चरकात ताटे सारत राही.

खरी कसोटी पुढेच. सुमारे दहा भांडी रस आटवावा तेव्हा एक भांडे काकवी मिळते. वर येणारा हिरवा फेस सारखा काढावा लागतो. नाहीतर चव बिघडते. जाळ वाढला की काकवी करपते, आणि वर्षाची बेगमी गेली! म्हणून चुलीपाशी माणूस जाणताच हवा. आपल्या गुऱ्हाळातला गुळव्या तो हाच. मात्र उसाच्या रसाचा गूळ होतो, तसा या रसाचा सहसा होत नाही. त्यात पिष्ट आणि द्राक्षशर्करा अधिक असते.

फेस टाकायला जवळच खड्डा असे. काळोखात एखाद्या नवख्याचा पाय त्यात गेला की हशा पिके. पोरे ताटाचा तुकडा काकवीत बुडवून चाटत बसत.

स्वस्त साखर आली, माणसे शहरांकडे गेली आणि ही लगबग ओसरली. तरी काही कुटुंबांनी ती राखली आहे. आपल्याकडेही फलटणच्या निंबकर कृषी संशोधन संस्थेने गोड ज्वारीच्या काकवीवर काम केले आहे. बी आहे, चरक आहेत, गुळवेही आहेत. शेजारी तेवढे गोळा करायला हवेत!