सोंग, वेश आणि आपण

लहानपणी आमच्या वस्तीत बहुरूपी यायचा. अंगात खाकी, हातात काठी, ओठांवर काजळाने काढलेली मिशी. दारात उभा राहून दरडावायचा, "चला ठाण्यात, वॉरंट आहे!" आम्ही पोरे आईमागे लपायचो. आई हसत हसत त्याच्या झोळीत पसाभर ज्वारी टाकायची. पुढच्या खेपेला तोच माणूस डॉक्टर होऊन यायचा. त्याचे खरे नाव काय, हे आम्ही कधीच विचारले नाही.

त्याची आठवण झाली ती निखिल चोप्रा या कलावंताची माहिती वाचताना. चोप्रा यांचा जन्म १९७४ साली कोलकात्यात झाला. बडोद्याला व पुढे अमेरिकेत कलेचे शिक्षण घेऊन ते आता गोव्यात स्थायिक झाले आहेत. ते चित्रे काढतात, पण स्वतः दुसराच कोणीतरी होऊन काढतात. या प्रकाराला परफॉर्मन्स आर्ट म्हणतात. त्यात नाटकासारखे संवाद नसतात, पडदा नसतो. कलावंत लोकांसमोर तासन्‌तास, कधी दोन-तीन दिवस राहतो. तिथेच खातो, झोपतो, दाढी करतो, वेश बदलतो आणि कोळशाने भिंतभर चित्र काढतो. लोक येतात, पाहतात, जातात.

सुरुवातीला त्यांनी 'सर राजा' नावाचे पात्र उभे केले, इंग्रजी थाटातला एक संस्थानिक. पुढे आले 'योगराज चित्रकार'. चोप्रा यांचे आजोबा योगराज हे काश्मीरचे निसर्ग रंगवणारे चित्रकार होते. त्यांच्यावरून नातवाने हे पात्र रचले. २००७ साली हा 'योगराज' श्रीनगरच्या लाल चौकात गेला व तिथे जमिनीवर चित्र काढत बसला. म्हणजे नातवाने आजोबांचा कोट घातला आणि आजोबांच्या मुलखाचे आता काय झाले, ते त्यांच्या डोळ्यांनी पाहिले.

आपल्या जिल्ह्याने लक्षात ठेवावा असा त्यांचा प्रयोग २०१३ साली इंग्लंडमधील मँचेस्टर शहरात झाला. त्याचे नाव होते 'कोळसा कापसावर'. ६५ तासांचा हा प्रयोग. सुती कापड आणि कोळसा, याच दोन वस्तूंवर मँचेस्टरच्या गिरण्या उभ्या राहिल्या होत्या.

हे वाचून मी थांबलोच. कापूस कुणाचा? आपला! इंग्रज कंपनीने यवतमाळ ते मूर्तिजापूर शकुंतला रेल्वे टाकली ती वऱ्हाडचा कापूस मुंबईकडे व तिथून विलायतेला नेण्यासाठी. आणि कोळसा? तो आपल्या वणी तालुक्याच्या खाणींतूनही निघतोच. कापूस वेचणारी आजी, जिनिंगमध्ये गाठी उचलणारे आबाजी, खाणीत उतरणारा मामा आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी आहे किंवा होता. प्रयोग संपला की कलावंत वेश उतरवतो, अंघोळ करतो. आपल्या माणसांच्या अंगावरची सरकीची धूळ आणि कोळशाची काजळी जन्मभर गेली नाही.

दुसरा वेश आपल्यालाही ठाऊक आहे, पण तो हौसेचा नव्हे. बी.कॉम. झाल्यावर मी एका मोठ्या शहरात नोकरी शोधायला गेलो. दोन ठिकाणी आडनाव ऐकताच खोली "आत्ताच गेली" होती. तिसऱ्या ठिकाणी मी नुसते नाव सांगितले, आडनाव गिळले. खोली मिळाली. पण बाबासाहेबांचा फोटो दोन वर्षे पेटीत ठेवावा लागला. गावाहून वडील आले तेव्हा दारातच हळू आवाजात म्हणालो, "बाबा, इथे जयभीम म्हणू नका." ते काही बोलले नाहीत. दुसऱ्याच दिवशी सकाळच्या गाडीने परत गेले. ते सोंग मला आजही टोचते.

चोप्रा यांचा वेश त्यांना आजोबांजवळ घेऊन गेला. माझ्या वेशाने मला वडिलांपासून तोडले. स्वतःहून घेतलेले रूप माणसाला वाढवते आणि भीतीने घेतलेले रूप माणसाला खाते, एवढाच काय तो फरक. दया पवारांनी १९७८ साली 'बलुतं' लिहिले. त्यात शहाणासुरता दया पवार आणि गावकुसाबाहेरचा दगडू एकमेकांसमोर बसतात. माणूस एकच, रूपे दोन. त्यांनी दगडूला पेटीत कोंडला नाही, बोलते केले. म्हणून ते पुस्तक घराघरांत पोचले.

आपल्या आबाजींनी चित्रे काढली नाहीत. त्यांचे फोटोही बहुधा नाहीत. पण त्यांची बोली, त्यांची चाल, पागोटे बांधायची त्यांची तऱ्हा घरातल्या म्हाताऱ्या माणसांना आठवते. येत्या उन्हाळ्यात मुलांना त्यांच्याजवळ बसवा. "आजी, तुला वेचणीची मजुरी काय मिळायची? आबाजी कोणत्या जिनिंगात होते?" असे विचारायला सांगा. मग १४ एप्रिलच्या कार्यक्रमात नेहमीच्या नाचगाण्यांबरोबर एखाद्या मुलीला तिच्या आजीचे लुगडे नेसून आजी होऊन उभी राहू द्या. पाच मिनिटे पुरेत. रंगमंच नको, माईक नको.

आणि सुरुवातीला तिला आजीचे पूर्ण नाव सांगू द्या. आडनावासकट, मोठ्याने.