दुखापत किती मोठी यापेक्षा ती कधी झाली, यावर ठरतं ‘रनिंग बॅक’चं करिअर

३१ जानेवारी १९९९. अमेरिकन फुटबॉलचा अंतिम सामना, म्हणजे सुपर बोल. एका बाजूला डेन्व्हर ब्रॉन्कोस, दुसऱ्या बाजूला अटलांटा फाल्कन्स. दोन्ही संघ तिथवर पोचले त्यात मोठा वाटा एकेका धावपटूचा होता. डेन्व्हरचा टेरेल डेव्हिस आणि अटलांटाचा जमाल अँडरसन. त्या हंगामात डेव्हिसने ३९२ वेळा, तर अँडरसनने तब्बल ४१० वेळा चेंडू घेऊन समोरच्या गर्दीत मुसंडी मारली होती. सामना डेन्व्हरने जिंकला.

पुढचा हंगाम सप्टेंबरात सुरू झाला. दुसऱ्याच सामन्यात अँडरसनच्या गुडघ्याचा लिगामेंट तुटला. चौथ्या सामन्यात डेव्हिसचा तुटला. काही महिन्यांपूर्वी ज्या दोघांवर अख्ख्या अमेरिकेची नजर होती, ते दोघेही ऑक्टोबरच्या सुरुवातीलाच अंथरुणावर. पुढे दोघेही मैदानात परतले, पण पूर्वीचा जोर काही परत आला नाही. २००१ चा हंगाम दोघांचाही शेवटचा ठरला.

याला नशीब म्हणून सोडून देता येईल. पण या खेळातले पगार, करार आणि वय यांचा हिशेब मांडून बघितला, तर दुखापत ही रनिंग बॅकच्या आयुष्यात अपघातापेक्षा मोठी गोष्ट आहे हे लक्षात येतं.

हा रनिंग बॅक म्हणजे कोण?

आपल्याकडे बेळगावात काय, गोव्यात काय, फुटबॉल म्हटलं की पायाने खेळायचा गोल चेंडू. अमेरिकन फुटबॉल वेगळा. चेंडू लांबट, तो हातात धरून पळायचं. प्रत्येक बाजूला अकरा खेळाडू. चार प्रयत्नांत दहा यार्ड, म्हणजे तीस फूट पुढे सरकायचं. नाही जमलं तर चेंडू बहुधा समोरच्या संघाकडे जातो.

क्वार्टरबॅक हा संघाचा सूत्रधार. तो एक तर चेंडू लांब फेकतो किंवा मागे उभ्या असलेल्या रनिंग बॅकच्या हातात देतो. चेंडू हातात आला की या गड्याने समोरच्या भिंतीत फट शोधायची आणि घुसायचं. समोर शंभर-सव्वाशे किलोचे, काही त्याहून जड गडी त्याला पाडायलाच उभे असतात. कबड्डीतला चढाईपटू डोळ्यांसमोर आणा. फरक एवढाच की इथे धक्का पूर्ण वेगात बसतो आणि एका सामन्यात वीस-पंचवीस वेळा बसतो. चेंडू हातात नसेल, तेव्हाही सुट्टी नाही. क्वार्टरबॅकवर चाल करून येणाऱ्याला अंगावर घेणं हेही त्याचंच काम.

गुडघ्यात नेमकं काय होतं?

मांडीचं हाड आणि नडगीचं हाड यांना बांधून ठेवणारे चार मुख्य लिगामेंट गुडघ्यात असतात. त्यातला सांध्याच्या आत तिरका जाणारा पुढचा लिगामेंट म्हणजे एसीएल. नडगीचं हाड पुढे सरकू न देणं आणि गुडघा पिळवटू न देणं हे त्याचं काम.

रनिंग बॅकचं कौशल्य असतं ते भरधाव पळताना एक पाय रोवून दुसऱ्या दिशेला वळण्यात. नेमका त्याच क्षणी एसीएलवर सर्वांत जास्त ताण येतो. पाऊल जमिनीत रुतलेलं, वरचं शरीर वळलेलं, त्यात बाजूने कुणी आदळलं की लिगामेंट तुटतो. कधी कधी कुणी स्पर्श न करताही तुटतो.

पूर्ण तुटलेला एसीएल बहुधा आपोआप नीट जुळून येत नाही. शस्त्रक्रिया करून गुडघ्याच्या वाटीखालचा किंवा मांडीच्या मागचा टेंडन घेऊन नवा लिगामेंट बसवतात. मैदानात परतायला साधारण नऊ महिने ते वर्ष लागतं. लिगामेंटसोबत आतली गादी, म्हणजे कूर्चाही फाटली असेल, तर दुखणं तिथे संपत नाही. गुडघा बरा झाल्यासारखा वाटतो, खेळाडू पळायलाही लागतो, पण आत झीज चालू राहते. चार-पाच वर्षांनी सूज यायला लागते आणि पंचविशीतल्या पोराला संधिवाताचं निदान होतं.

गुडघ्याखेरीज घोटा, मांडीच्या मागचा स्नायू, खांदा आणि डोक्याला बसणारे धक्के आहेतच. बो जॅक्सनचं उदाहरण प्रसिद्ध आहे. हा गडी फुटबॉल आणि बेसबॉल दोन्ही व्यावसायिक पातळीवर खेळायचा. जानेवारी १९९१ मध्ये मागून पकडलं गेल्यावर त्याचं खुब्याचं हाड जागचं हललं आणि तिथला रक्तपुरवठा बंद पडला. फुटबॉल कायमचा सुटला. कृत्रिम खुबा बसवून तो १९९३ मध्ये बेसबॉलला मात्र परतला.

आता पैशाचा हिशेब

मी कॉमर्सचा विद्यार्थी, त्यामुळे मला हे प्रकरण घसाऱ्यासारखं दिसतं. कारखान्यात नवं यंत्र आलं की पहिल्या काही वर्षांत त्याच्याकडून जास्तीत जास्त काम काढून घेतात. रनिंग बॅकचंही तसंच होतं. फक्त यंत्राची किंमत आधी मोजावी लागते, इथे काम आधी आणि खरी किंमत नंतर.

शाळा संपल्यावर तीन वर्षं झाल्याशिवाय खेळाडूला एनएफएल या व्यावसायिक लीगमध्ये घेत नाहीत. ती वर्षं तो कॉलेजसाठी खेळतो. म्हणजे व्यावसायिक खेळ सुरू होईपर्यंत वय एकवीस-बावीस. मग ‘ड्राफ्ट’मध्ये ३२ संघ आळीपाळीने खेळाडू निवडतात. २०११ च्या कामगार करारानंतर निवड झालेल्या नव्या खेळाडूचा करार चार वर्षांचा असतो आणि रक्कम बहुतांशी निवडीच्या क्रमांकावर ठरते. पहिल्या फेरीतल्या खेळाडूला संघ आपल्या मर्जीने पाचव्या वर्षीही ठेवू शकतो. पहिली तीन वर्षं संपेपर्यंत पगार वाढवून मागायची सोय नाही. त्यानंतरही संघ ‘फ्रँचाइज टॅग’ लावून खेळाडूला आणखी एक वर्ष रोखून धरू शकतो.

बेरीज करा. खेळाडूला खुल्या बाजारात भाव करायची पहिली संधी येते तेव्हा वय पंचवीस ते सत्तावीस. आणि रनिंग बॅकचे पाय नेमके सत्तावीस-अठ्ठाविशीच्या सुमारास मंदावू लागतात. क्वार्टरबॅक पस्तिशीतही मोठा करार करतो. याच्यासाठी मात्र बाजार उघडतो आणि माल जुना होतो, दोन्ही एकाच वेळी.

वर करारात लिहिलेला आकडा आणि हातात पडणारा आकडा वेगळे. या लीगमध्ये कराराची सगळी रक्कम हमीची नसते. हमी दिलेला भाग तेवढा पक्का, बाकी संघाने काढून टाकलं की संपलं.

तीन खेळाडू, तीन वेळा

म्हणूनच दुखापत कोणत्या टप्प्यावर झाली हे महत्त्वाचं.

पहिला टप्पा कॉलेजचा. साउथ कॅरोलायना विद्यापीठाचा मार्कस लॅटिमोर हा त्याच्या पिढीतला अव्वल धावपटू मानला जायचा. २०११ मध्ये डावा गुडघा गेला, २०१२ मध्ये उजवा. उजव्याचा सांधाच निखळला. तरी सॅन फ्रान्सिस्कोने २०१३ मध्ये त्याला चौथ्या फेरीत घेतलं. दीड वर्ष त्याने प्रयत्न केला आणि नोव्हेंबर २०१४ मध्ये निवृत्ती जाहीर केली. व्यावसायिक सामना एकही नाही.

दुसरा टप्पा पहिल्या कराराचा. जे. के. डॉबिन्सला बाल्टिमोरने २०२० मध्ये दुसऱ्या फेरीत घेतलं. पहिलं वर्ष झकास गेलं. ऑगस्ट २०२१ मध्ये सराव सामन्यात गुडघा गेला, अख्खा हंगाम बाहेर. २०२२ मध्ये आठच सामने. २०२३ च्या पहिल्याच सामन्यात टाचेमागचा अकिलीस टेंडन तुटला. चार वर्षांचा करार संपला तेव्हा मोठा भाव मागायला हातात काहीच नव्हतं. दुसऱ्या संघाशी एका वर्षाचा करार करून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

तिसरा टप्पा मोठ्या करारानंतरचा. टॉड गर्लीचा गुडघा कॉलेजातच, २०१४ मध्ये गेला होता. तरी २०१५ मध्ये रॅम्स संघाने त्याला दहाव्या क्रमांकावर निवडलं. २०१७ मध्ये तो लीगचा सर्वोत्तम आक्रमक खेळाडू ठरला. जुलै २०१८ मध्ये त्याच्याशी चार वर्षांचा ६ कोटी डॉलरचा वाढीव करार झाला, त्यातले साडेचार कोटी हमीचे. त्याच हंगामाच्या शेवटी जुना गुडघा बोलायला लागला. मार्च २०२० मध्ये संघाने त्याला मोकळं केलं. अटलांटाकडून एक हंगाम खेळला आणि वयाच्या सव्विसाव्या वर्षी करिअर संपलं.

गर्लीचं आणि लॅटिमोरचं दुखणं एकाच सांध्याचं. पण एकाची सही आधी झाली होती, दुसऱ्याची व्हायची होती.

परतणारेही आहेत

सगळंच अंधारात आहे असं नाही. मिनेसोटाच्या अॅड्रियन पीटरसनचा गुडघा २४ डिसेंबर २०११ ला गेला. पुढच्या हंगामाच्या पहिल्याच सामन्यात तो मैदानात होता आणि त्या हंगामात त्याने २,०९७ यार्ड काढले. एरिक डिकरसनचा १९८४ चा २,१०५ यार्डांचा विक्रम अवघ्या काही फुटांनी हुकला.

फ्रँक गोरचं तर नवलच. कॉलेजात दोन्ही गुडघ्यांचे एसीएल तुटलेले. त्यामुळे २००५ च्या ड्राफ्टमध्ये तिसऱ्या फेरीपर्यंत वाट बघावी लागली. तो सोळा हंगाम खेळला आणि बरोबर १६,००० यार्डांवर थांबला. एमिट स्मिथ आणि वॉल्टर पेटन हे दोघेच त्याच्या पुढे आहेत.

अलीकडचा सॅकॉन बार्कली घ्या. २०२० मध्ये दुसऱ्याच सामन्यात एसीएल गेला. २०२३ मध्ये न्यूयॉर्क जायंट्सने दीर्घ कराराऐवजी टॅग लावला, त्याचा आकडा सुमारे १ कोटी डॉलर. त्या वर्षी रनिंग बॅकच्या घसरत्या पगारांवरून बरीच ओरड झाली. २०२४ मध्ये तो फिलाडेल्फिया ईगल्सकडे गेला, २,००५ यार्ड काढले, सुपर बोल जिंकला आणि मार्च २०२५ मध्ये वर्षाला २ कोटी डॉलरहून जास्त मिळवणारा पहिला रनिंग बॅक झाला.

पण ही उदाहरणं बघून संघांचे हिशेबनीस बदलत नाहीत. एक गोर सापडेल या आशेवर पैसे गुंतवण्यापेक्षा दोन-तीन स्वस्त, तरुण धावपटूंमध्ये काम वाटून देणं त्यांना परवडतं. काम वाटलं की शरीराला आराम मिळतो हे खरं. पण आकडेही वाटले जातात आणि भाव करताना आकडेच लागतात. जास्त पळावं तर शरीर जातं, कमी पळावं तर किंमत जाते.

नियम काय करतात?

लीगने काही पावलं उचलली आहेत. मागून कॉलरला धरून खाली ओढण्यावर २००५ मध्ये बंदी आली. पळणाऱ्याला मागून धरून, आपल्या कमरेचं वजन त्याच्या पायांवर टाकून पाडण्याच्या पकडीवर २०२४ मध्ये बंदी आली. पेन्शनसाठी मात्र खेळाडूच्या नावावर किमान तीन हंगाम जमा असावे लागतात. एखाद्या रनिंग बॅकसाठी तेवढी तीन वर्षं टिकणं हीच मोठी मजल असते.

डेव्हिसचं पुढे काय झालं?

डेव्हिस १९९५ च्या ड्राफ्टमध्ये सहाव्या फेरीत, १९६ व्या क्रमांकावर निवडला गेला होता. पहिल्या चार हंगामांत तो ६१ सामने खेळला आणि ६,४१३ यार्ड काढले. १९९८ मध्ये २,००८ यार्ड काढून लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. गुडघा गेला तो दिवस ३ ऑक्टोबर १९९९. तेव्हा तो चेंडू घेऊन पळतही नव्हता. आपल्या क्वार्टरबॅकचा पास समोरच्या संघाने पकडला, त्या खेळाडूला अडवायला हा धावला आणि त्या गर्दीत उजव्या गुडघ्यावर आघात झाला.

तो हंगाम धरून शेवटच्या तीन हंगामांत ४८ पैकी १७ सामने आणि १,१९४ यार्ड. ऑगस्ट २००२ मध्ये वयाच्या २९ व्या वर्षी त्याने निवृत्ती घेतली.

२००७ पासून तो ‘हॉल ऑफ फेम’साठी पात्र होता. दरवर्षी वाद एकच व्हायचा: खेळाडू थोर खरा, पण एवढी छोटी कारकीर्द पुरेशी आहे का? याआधी शिकागोचा गेल सेयर्स दोन्ही गुडघे गमावून फक्त ६८ सामने खेळला होता आणि तरी १९७७ मध्ये, वयाच्या ३४ व्या वर्षी, त्याला तो मान मिळाला होता. डेव्हिसचे सामने ७८. त्याला २०१७ पर्यंत थांबावं लागलं.

सात हंगाम खेळलेल्या माणसाला, ते सात हंगाम पुरेसे होते हे मान्य व्हायला दहा वर्षं लागली.