मुन्नाभाईचं मेडिकल

‘मुन्नाभाई एमबीबीएस’मधलं कॉलेज पडद्यावर मुंबईत आहे. नागपूरच्या प्रताप नगरातल्या माणसाला मात्र ते आपल्या मेडिकल चौकातलंच वाटतं, आणि हा निव्वळ गावाभिमान नाही. दिग्दर्शक राजकुमार हिरानींचे मित्र नागपूरच्या मेडिकलला शिकायचे. त्यांच्याकडे यांची ऊठबस असे. तिथले किस्से पुढे पटकथेत उतरले.

हिरानींचा जन्म 1962चा, नागपुरातला. कुटुंब फाळणीनंतर सिंधमधून आलेलं. वडिलांची टायपिंगची इन्स्टिट्यूट होती आणि पोरानं सीए व्हावं अशी घरची अपेक्षा. पोराचं मन नाटकात. शेवटी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेले ते संकलन शिकायला. मग जाहिराती केल्या. फेविकॉलच्या गाजलेल्या ओढाओढीच्या जाहिरातीत ते स्वतःही दिसतात. विधू विनोद चोप्रांचा ‘मिशन कश्मीर’ (2000) त्यांनीच संकलित केला.

माझ्या मते हिरानींच्या विनोदाचं मर्म संकलकाच्या या कात्रीत आहे. ‘मुन्नाभाई’तला फरशी पुसणारा तो म्हातारा आठवा. ओल्या लादीवर कोणी पाय ठेवला की खेकसतो. आपण हसतो. मुन्ना जवळ जाऊन त्याला मिठी मारतो. म्हातारा क्षणभर विरघळतो आणि रडवतोस की काय म्हणून त्यालाच झिडकारतो. आपण पुन्हा हसतो, पण घसा दाटलेला असतो. हा प्रसंग आणखी थोडा लांबला असता तर निव्वळ रडगाणं झालं असतं.

2003च्या त्या सिनेमाचे पुढच्याच वर्षी तमिळ आणि तेलुगू अवतार आले, कमल हासन आणि चिरंजीवी यांना घेऊन. ‘लगे रहो मुन्नाभाई’पासून (2006) लेखनात अभिजात जोशींची साथ मिळाली. हे गृहस्थ अमेरिकेत ओहायोला प्राध्यापक. त्यानंतर ‘थ्री इडियट्स’, ‘पीके’, ‘संजू’, ‘डंकी’. वीस वर्षांत अवघे सहा सिनेमे, म्हणजे घाई नाहीच.

तरी ‘पीके’पासून पात्रं जरा जास्तच समजावून सांगायला लागली. ‘संजू’नं आपल्या नायकाला फारच सांभाळून घेतलं. 2023च्या ‘डंकी’त तर कात्री पार बोथट वाटली. मुन्नाभाईच्या तिसऱ्या भागाची चर्चा मात्र वर्षानुवर्षं चालूच आहे.