पडद्यावरची सासू

मैत्रिणींनो, खरं सांगा हं, सासूच्या माघारी तिला 'ललिता पवार' म्हटलं नाही अशी आपल्यात कितीजणी सापडतील? मी तरी त्यात नाही. लग्न होऊन कळमन्याला आले आणि महिन्याभरातच माहेरी फोन करून सांगितलं, "आमच्याकडे साक्षात ललिता पवार आहेत!" बाजारातून आलेला कांदासुद्धा मोजून घेणाऱ्या सासूबाई, दुसरं काय म्हणणार?

२०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनवर 'रामायण' पुन्हा लागलं. १९८७ ची ती मालिका आम्ही दोघी रोज मिळून पाहायचो. मंथरा आली तशी मी म्हटलं, "डोळा बघा कसा करते!" सासूबाई चटकन म्हणाल्या, "करत नाही बापा ती. मार लागला होता तिला."

मग मी तिची हकीकत शोधून वाचली. पैठणीच्या येवल्यात १९१६ साली जन्मलेली ही अंबा. १९२८ मध्ये, बाराव्या वर्षी, ती मूकपटात आली, पुढे नायिका झाली, स्वतः चित्रपटही काढले. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात भगवानदादांना तिच्या थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, बराच काळ उपचार झाले, तरी डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेची कामं संपली. वय अवघं सव्वीस!

आपण काय केलं असतं? आरसा पालथा घालून बसलो असतो. ती मात्र तोच डोळा घेऊन कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. १९४४ मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई, १९५० मध्ये शांतारामबापूंच्या 'दहेज'मध्ये सुनेला छळणारी सासू. १९९८ मध्ये पुण्यात ती वारली, तोवर शेकडो चित्रपट तिच्या नावावर जमा झाले होते.

पण तिला फिल्मफेअर पारितोषिक मिळालं ते कजाग सासूसाठी नव्हे बरं का! ते मिळालं १९५९ च्या 'अनाडी'तल्या मिसेस डिसासाठी. भाड्यासाठी तोंडाचा पट्टा सोडणारी, आणि त्याच भाडेकरूवर पोटच्या पोरासारखी माया करणारी घरमालकीण. तो चित्रपट पाहताना मला एकदम आमचंच स्वयंपाकघर दिसलं. मी अर्धवेळ शिकवायला जाऊ लागले तेव्हा सासूबाई सकाळभर पुटपुटायच्या, "घर सोडून काय ती नोकरी!" आणि दुपारी घरी यावं तर भाकर-भाजीचं ताट झाकून ठेवलेलं. पुटपुटणं मी माहेरी सांगितलं. ताटाचं एकदाही सांगितलं नाही.

यंदा माहेरी गेले तेव्हा ते सांगून आले. आई हसली, म्हणाली, "मग ललिता पवारच की!"

एखाद्या दुपारी सासूबाईंना शेजारी बसवून 'अनाडी' जरूर पाहा. रुमाल मात्र दोन घ्या.