लाकडाच्या पोटात – लेखांक ७ : उसन्या कोटातली माशी

वर्धा जिल्ह्यातल्या समुद्रपूरच्या शिवारात बरबटीच्या शेंड्यावर मावा चढला की त्याच्या मागोमाग एक छोटी पिवळ्या-काळ्या पट्ट्यांची माशी येते. हवेत एकाच जागी थांबते, झटकन बाजूला सरकते, पुन्हा थांबते. गांधीलमाशी समजून पोरे मागे हटतात. तिला नांगी नसतेच. ही सिरफिड माशी. तिची अळी मावा शेकड्यांनी फस्त करते, म्हणून कृषी खात्याच्या पत्रकांत ती मित्रकीड म्हणून येते.

या माश्यांच्या कुळात जगभरात सुमारे सहा हजार जाती आहेत. सगळ्याच मावा खात नाहीत. काहींची अळी गटारात वाढते, काहींची शेणात, आणि काहींची झाडाच्या कुजलेल्या गाभ्यात. आपल्या मालेत आज ती शेवटची.

युरोपातल्या जुन्या पानगळीच्या वनांत क्रायोऱ्हिना बर्बेरिना नावाची माशी आहे. अंगावर दाट लव, जाडजूड बांधा, घोंगावणेही भारदस्त. मे-जूनमध्ये ती फुलांवर बसली की बंबलबीच, म्हणजे मधमाशीच्या गोतातली केसाळ, डंख मारणारी माशीच वाटते. आणि ती एकाच बंबलबीची नक्कल करत नाही. याच जातीत काही माश्या काळ्या-पिवळ्या, तर काही अंगभर तांबूस-पिवळट असतात. दोघींचे नमुने वेगळे. खरी ओळख पंखांत आहे. माशीला दोनच पंख, मधमाशीच्या गोतातल्यांना चार. शिवाय माशीच्या मिशा आखूड, डोळे मोठे आणि मागच्या पायावर परागाची गोळी कधीच नाही.

मादी मात्र फुलांपेक्षा झाडाच्या बुंध्याशी जास्त घुटमळते. मुळांच्या बेचक्यात शिरते, बाहेर येते, पुढचे झाड बघते. तिला ओले, मऊ पडलेले, आतून सडत चाललेले लाकूड हवे असते. वाळके ओंडके कामाचे नाहीत. अळी लाकूड कुरतडत नाही; ओल्या लगद्यातले जिवाणू गाळून खाते आणि शेपटाकडच्या नळीने श्वास घेते. असा गाभा तयार व्हायला झाड म्हातारे व्हावे लागते. जंगल ‘साफ’ ठेवण्याची हौस म्हणूनच मला संशयास्पद वाटते.

नकलेचे गणित हेन्री बेट्स याने अॅमेझॉनच्या फुलपाखरांवरून १८६२ साली मांडले : निरुपद्रवी जीव उपद्रवी जिवासारखा दिसला की शिकारी त्याला सोडून देतो. शंभर वर्षांनी, १९६२ मध्ये, ब्राउअर दांपत्याने ते बेडकांवर तपासले. मधमाशीचा डंख खाल्लेले बेडूक पुढे तिच्यासारखी दिसणारी माशीही टाळू लागल्याचे त्यांना दिसले. भीती मात्र आधी अस्सलाकडून शिकावी लागते. अस्सल विरळ आणि नकला उदंड झाल्या, तर पोशाखाचा दरारा उरत नाही.

म्हणून हा केसाळ कोट वर्धा जिल्ह्यात चालणार नाही. भारतातल्या बंबलबी मुख्यतः हिमालयाच्या थंडीत राहतात. इथल्या तुरीच्या फुलांवर घोंगावतो तो काळा भुंगा. इथल्या माश्या नक्कल करतात ती मधमाशीची किंवा गांधीलमाशीची, म्हणजे इथे ज्यांचा डंख ठाऊक आहे त्यांची.

लगद्यातल्या अळ्या पाहायच्या तर पावसाळ्यात जुन्या चिंचेच्या किंवा आंब्याच्या ढोलीत डोकवावे. पाणी साचून पानांचा काळा चिखल झालेला असतो, आणि त्यात बऱ्याच प्रकारच्या माश्यांच्या अळ्या वळवळतात. डासांच्याही. म्हणूनच ढोल्या मातीने बुजवा, असा सल्ला दिला जातो. तो कितपत मानायचा, हे पुढच्या आठवड्यात.